हिंगोलीचे दुभाषी

हिंगोली शहराच्या जुन्या वस्तीत पलटण, रिसाला, तोफखाना, पेन्शनपुरा आणि सदर बाजार ही नावे अद्याप लोकांच्या तोंडी आहेत, आणि ज्या लष्कराने ती मागे ठेवली ते येथून हलून शंभर वर्षांवर काळ लोटला असला, तरी या गावाच्या स्वभावाचा पुष्कळसा उलगडा त्या नावांवरूनच होतो. निजामाच्या खर्चाने पोसलेली परंतु इंग्रज अंमलदारांच्या हुकमतीत वागणारी, ‘हैदराबाद कंटिंजंट’ या नावाने प्रसिद्धीस आलेली जी फौज, तिच्या छावण्या औरंगाबाद, जालना, मोमिनाबाद म्हणजे आजचे अंबाजोगाई, एलिचपूर, बोलारम अशा ठिकठिकाणी पसरलेल्या होत्या, आणि हिंगोली ही त्यांपैकीच एक. १८५३ च्या तहाने याच फौजेच्या खर्चापोटी वऱ्हाड इंग्रजांच्या ताब्यात गेले, आणि १९०३ मध्ये ती फौज हिंदुस्थानी सैन्यात विलीन होऊन छावणी उठली.

छावणीत माणसांचा दवाखाना होता तसा जनावरांचाही होता, आणि पाश्चात्त्य वैद्यकाचे या मुलखाला घडलेले पहिले दर्शन ते या लष्करी वेषातच घडले. सर्जनसाहेब इंग्रज, शिपाई बहुतांशी उत्तर हिंदुस्थानातील किंवा दक्षिणी मुसलमान, आणि दोघांच्या मध्ये साहेबाला परीक्षा देऊन शिकावी लागणारी हिंदुस्थानी भाषा, अशी ती व्यवस्था होती. कयाधूकाठच्या कुणब्याची मराठी तिच्या हिशेबातच नव्हती. घोडा आजारी पडला तर त्याच्या दुखण्याची हकीकत मोतद्दार सांगे. कुणबी आजारी पडला तर ती साहेबाला कोणी समजावून द्यायची, याची तजवीज कोणत्याही पगारपत्रकात नव्हती. पुढच्या काळात येथे राजवटी बदलल्या आणि कचेरीची भाषाही बदलली, पण रोगी आणि वैद्य, मूल आणि मास्तर यांच्यामध्ये उभा राहून एकाचे म्हणणे दुसऱ्याला कळवणारा मनुष्य मात्र हुद्द्याने सर्वांत खालचा आणि निदान त्या कामापुरता तरी बिनपगारी राहिला, ही गोष्ट बदलली नाही.

राज्यकर्त्यांना परकी भाषा शिकता येत नव्हती असे मात्र कोणी समजू नये. १८३० च्या दशकात ठगांच्या बंदोबस्ताची मोहीम दक्षिणेत ज्या ठिकाणांहून चालली त्यांत हिंगोलीची छावणी होती, आणि मेडोज टेलरने १८३९ साली प्रसिद्ध केलेल्या आपल्या ठगाच्या कादंबरीच्या प्रस्तावनेत, त्या भागातील ठगांचा म्होरक्या हा हिंगोलीच्याच बाजारातला एक प्रतिष्ठित व्यापारी निघाला आणि आपलाही त्याच्याशी देवघेवीचा संबंध आला होता, हे मोठ्या आश्चर्याने नमूद केले आहे. या मोहिमेचा सूत्रधार स्लीमन याने ठगांची सांकेतिक बोली शब्दाशब्दाने गोळा करून १८३६ मध्ये तिचा कोश कलकत्त्यास छापविला. ज्यांना फासावर चढवायचे त्यांची भाषा शिकण्यासाठी सरकारने असे परिश्रम घेतले. ज्यांना औषध द्यायचे त्यांच्या भाषेचा असा कोश या मुलखात कोणी केला नाही. इतिहासाच्या या क्रमात मला अन्यायापेक्षा सरकार नावाच्या संस्थेचे स्वाभाविक गुणधर्मच अधिक दिसतात. तिची जिज्ञासा तिच्या भयाच्या मागून चालते.

निजामी राज्याची कचेरी १८८४ पर्यंत फारसीत चालत असे, आणि त्या सुमारास फारसीच्या जागी उर्दू आली. राज्यातील जवळजवळ निम्मी प्रजा तेलुगू बोलणारी, पाव हिश्शाच्या आसपास मराठी, त्याच्या निम्म्याने कन्नड, आणि उर्दू ही मातृभाषा असलेले लोक सुमारे दहा टक्के, असे ढोबळ प्रमाण शिरगणत्यांतून दिसते. तालुकदार, मुन्सिफ, पेशकार, गिरदावर, मुहर्रिर या उतरंडीतून खाली येणारा हुकूम उर्दूत असे, आणि कुळकर्ण्याने तो पाटलाच्या ओसरीवर मराठीत वाचून दाखविला म्हणजे गावाला त्याचा अर्थ कळे. या कामाला काही शतकांची सवय झालेली असल्याने, जमीनमहसुलाच्या बाबतीत तरी रयतेला दोन भाषांच्या मध्ये राहण्याचा मार्ग सापडलेला होता. कचेरीच्या आवारात बसणारा अर्जनवीस दोन-चार आणे घेऊन कोणाचीही फिर्याद रुबाबदार उर्दूत उतरवून देई, आणि आपल्या तोंडून निघालेल्या शब्दांचे हे भारदस्त रूप ऐकून फिर्यादी स्वतःच चकित होई. दुखण्याला मात्र अर्जनवीस नव्हता.

आता वैद्यकाकडे वळावे, कारण या राज्याचे त्या क्षेत्रातील कर्तृत्व खरोखरच असामान्य होते आणि त्याची दखल आपण मराठी लोकांनी मनमोकळेपणाने घेतलेली नाही. १८४६ साली, रेसिडेंट फ्रेझर आणि डॉक्टर मॅक्लीन यांच्या प्रेरणेने आणि नासिरुद्दौला या चौथ्या निजामाच्या आश्रयाने, हैदराबादेत जी वैद्यकशाळा स्थापन झाली तिच्यात शारीर, शल्यकर्म आणि औषधिविज्ञान हे विषय उर्दूतून शिकविले जात. मुंबईस ग्रँट मेडिकल कॉलेज नुकतेच, म्हणजे १८४५ मध्ये, इंग्रजीतून सुरू झालेले. नवे वैद्यक देशी भाषेत शिकविता येणे शक्य आहे काय, याविषयीच विद्वानांत शंका. आणि तशा काळी हैदराबादेत उर्दूतून शारीराचे पाठ चालू होते. या शाळेतून उत्तीर्ण झालेल्यांना हकीम ही पदवी मिळे. काही दशकांनी तेथेही शिक्षणाचे माध्यम इंग्रजी झाले, तरी उर्दूतून वैद्यक शिकविण्याचा विचार मेला नाही. १९१७ मध्ये भाषांतर-विभाग स्थापन होऊन १९१८ मध्ये उस्मानिया विद्यापीठ उघडले तेव्हा तोच विचार कितीतरी मोठ्या प्रमाणावर पुन्हा उदयास आला. याशिवाय युनानी पद्धतीला सरकारी आश्रय होता तो वेगळाच.

उच्च ज्ञान देशी भाषेतून द्यावे हे तत्त्व निर्विवाद थोर, आणि आपण आज ज्याविषयी केवळ ठराव करतो ते या राज्याने प्रत्यक्ष करून दाखविले. विपर्यास असा की ज्या भाषेसाठी हे तत्त्व राबविले गेले ती दहांतील एकाची होती, आणि उरलेल्या नऊ जणांना देशी भाषा आणि परदेशी भाषा यांतला भेद अनुभवास येण्याचे काही कारण नव्हते. हैदराबादेत उर्दूतून शिकून तालुक्याच्या दवाखान्यात आलेला डॉक्टर कितीही सुशील असला, तरी त्याच्यासमोर उभ्या राहिलेल्या बाईच्या तोंडची मराठी ही पुस्तकातली मराठीही नव्हती. अंगात कसकस आहे, हातपाय मोडून येतात, डोळ्यांपुढं अंधारी येते, पोटात गोळा उठतो, बरगडीत चमक निघते, जीव घाबरा होतो, असे ती सांगे. आणि यांतले प्रत्येक वाक्य एक निश्चित लक्षण सांगणारे असले, तरी ज्याला ते जन्मापासून ठाऊक नाही त्याला ते केवळ विव्हळणे वाटावे. सर्वांत कठीण प्रकरण ‘अंगावरून जाते’ या शब्दांचे, कारण ते शब्द परपुरुषासमोर उच्चारणेच तिला अशक्य. ती सोबतच्या म्हातारीकडे पाही, म्हातारी कंपाउंडरला बाजूला घेऊन पुटपुटे, आणि कंपाउंडर ते आपल्या मोडक्या दखनीत डॉक्टरसाहेबांच्या कानी घाली. तीन तोंडांतून झालेल्या या प्रवासात लाल जाते की पांढरे, महिन्याचे की रोजचे, कळा आहेत की नाहीत, यांपैकी किती शिल्लक राहत असेल याची कल्पनाच केलेली बरी.

हा कंपाउंडर म्हणजे या इतिहासातील खरा नायक, आणि त्याचे नाव कोणत्याही गॅझेटियरात नाही. तो स्थानिक, बहुधा चार-सहा इयत्ता शिकलेला, मिश्रणे ढवळणे, पट्ट्या बांधणे आणि बाटलीवर मात्रांच्या कागदी खुणा चिकटविणे हे त्याचे सरकारमान्य काम. परंतु पथ्य सांगणे हे प्रत्यक्षात त्याच्याचकडे होते, आणि पथ्याचा विषय असा की त्यात वैद्यकाइतकाच धर्म, जात आणि घरची सासू यांचा संबंध येतो. मांसाचा रस घ्या असे डॉक्टराने माळकऱ्याला लिहून दिले तर कुळथाचे कढण सांगावयाचे, उपासाच्या दिवशी गोळी पोटात जाईल कशी हे पाहावयाचे, रोजे चालू असता औषधाच्या वेळा सहरी आणि इफ्तारीला बसवावयाच्या, आणि ‘बाहेरचं झालंय’ म्हणून देवऋष्याकडे निघालेल्या कुटुंबाला अंगारा लावून घ्या पण बाटलीही संपवा असे समजुतीने सांगावयाचे, हे सगळे शास्त्र तो कोठेही न शिकता चालवीत होता. त्याच्या हातून चुका होत, आणि काही ठिकाणी तो या दुभाषेपणाची किंमतही वसूल करी, हे नाकारण्यात अर्थ नाही. ज्या कामाला पगार नाही त्याला दस्तुरी चिकटणारच.

बाळंतपणाचा प्रांत सुइणीचा होता, आणि तेथे दवाखान्याचा शिरकाव फार उशिरा झाला. देवीच्या लसीचे तसे नव्हते; ती सरकार घरपोच आणीत असे. गावोगाव फिरून लस टोचणाऱ्या माणसाला लोक ‘देवी डॉक्टर’ म्हणत, आणि तो वेशीत दिसला की बाया पोरे घेऊन शेतात दडत, कारण अंगावर फोड आले म्हणजे घरात आई आली, अशी भावना असलेल्या माणसांना तिला येण्यापूर्वीच अडविणारा मनुष्य पाखंडी वाटणे साहजिक होते. पाटलाला आणि गावातल्या एखाद्या वडीलधाऱ्या बाईला वश केल्याशिवाय त्याचे काही चालत नसे. म्हणजे येथेही दुभाषी लागलाच. फरक इतकाच की दोघांची भाषा एक असून तो लागला.

शाळेची कथा अधिक ठाऊक आहे, म्हणून ती थोडक्यात सांगतो. पैनगंगेच्या पलीकडे वाशीम आणि पुसद, म्हणजे वऱ्हाड. तेथे इंग्रजी अंमलात मराठी शाळा होत्या आणि कचेरीतही मराठी चाले. अलीकडच्या काठावर सेनगाव आणि कळमनुरी, बोली जवळजवळ तीच, सोयरिकीही आरपार. परंतु नदी ओलांडली की मुलाच्या विद्येचे माध्यम बदले. निजामी शाळांची प्रतवारी तहतानिया, वस्तानिया आणि फौकानिया अशी होती. पहिल्या इयत्तांत मराठीतून शिकण्याची सोय होती, पण उर्दू जोडीला सक्तीची, आणि वर चढावे तसतशी मराठी मागे पडून गणित, भूगोल, इतिहास सारे उर्दूतून. चहारुम, पंजुम, शशुम अशा जमाती मोजीत शिकलेले वृद्ध अगदी परवापरवापर्यंत खेड्यांतून भेटत. त्यांची सही उर्दूत, हिशेब मोडीत आणि पोथी बाळबोधीत असे.

शाळेच्या दाखल-खारीज रजिस्टरात जन्मतारीख लिहिण्याची रीत पाहण्यासारखी होती. आई सांगणार, पोळ्याच्या आदल्या दिवशी झाला, किंवा औंढ्याच्या जत्रेनंतर पंधरवड्याने. मुदर्रिसाला, म्हणजे मास्तराला, लिहावयाचा असे निजामी कचेरीतला फसली सन आणि आजूर, दै, बहमन, इस्फंदार या मालिकेतला एखादा महिना. तो काहीतरी बेताने लिहून मोकळा होई. पुढे १९४८ नंतर या तारखा इसवी सनात उतरवताना, फसली सनात ५९० मिळविले म्हणजे इसवी सन येतो या ढोबळ नियमाने वर्ष सापडले तरी दिवस सापडेना. आणि अशा रीतीने ज्यांच्या आयांना आपल्या मुलाच्या जन्माची तिथी आणि नक्षत्र तोंडपाठ होते, अशी माणसे सरकारी कागदावर भलत्याच दिवशी जन्मून भलत्याच दिवशी निवृत्त झाली.

या परिस्थितीतही विद्येची लागण थांबली नाही, याचा दाखला याच जिल्ह्याचा आहे. कळमनुरी तालुक्यातील नांदापूर हे गाव, तेथले डॉ. ना. गो. नांदापूरकर उर्दू माध्यमाच्या उस्मानिया विद्यापीठात मराठीचे प्राध्यापक झाले, आणि त्यांचा भाचा, १९३२ मध्ये त्याच गावी जन्मलेला, म्हणजे नरहर कुरुंदकर. ज्या विद्यापीठाने मराठीला माध्यमाचा दर्जा नाकारला त्यानेच तिला विषयाचा दर्जा देऊन एका विद्वान घराण्याचे पोषण केले, हे सांगितल्याशिवाय न्याय होणार नाही. उलट बाजूही तितकीच खरी आहे. औरंगाबादचे सरस्वती भुवन, अंबाजोगाईचे योगेश्वरी, सेलूचे नूतन आणि हिप्परग्याची राष्ट्रीय शाळा यांसारख्या खासगी संस्था निघाल्या त्या मुलाला त्याच्या भाषेत शिकता यावे या हेतूने; १९२९ च्या गश्ती निशाण ५३ सारख्या फर्मानांनी सभांना परवानगीची अट घातल्यामुळे अशा संस्थांच्या चालकांना साधी बैठकही जपून घ्यावी लागे. १९३८ मध्ये वंदे मातरम् म्हटल्यावरून उस्मानिया विद्यापीठाने काढून टाकलेल्या विद्यार्थ्यांना नागपूर विद्यापीठाने आसरा दिला, तेव्हा विद्येसाठी नदीपलीकडे पाहण्याची येथली सवय एका अर्थी राजकीय झाली.

दुसऱ्याच्या भाषेत जाऊन बोलण्याची परंपरा या भूमीत नव्हती असे म्हणता येणार नाही. जन्मस्थानाविषयी पंडितांत वाद असला तरी नर्सी हे गाव नामदेवांचे म्हणून शतकानुशतके मानले गेले आहे, आणि कीर्तनाची धुरा घेऊन उत्तरेकडे गेलेल्या नामदेवांची एकसष्ट पदे उत्तरेच्या लोकांना कळेल अशा भाषेत शीखांच्या गुरू ग्रंथसाहिबात समाविष्ट आहेत. पंजाबातून आलेले यात्रेकरू आज नर्सीला येतात आणि गावकऱ्यांशी खाणाखुणांनी बोलतात, तेव्हा हा व्यवहार किती प्राचीन आहे याची जाणीव होते. पण संताला जे स्वाभाविक वाटले ते खात्याला वाटावे, अशी अपेक्षा करणे भाबडेपणाचे.

तरीही त्याच निजामी राज्यात, आणि त्याच राज्याच्या अखेरच्या पाच वर्षांत, एका खात्याने ते केले. हिंगोलीच्या पूर्वेस, किनवटच्या पलीकडे, आदिलाबादच्या डोंगरांत गोंडांचा असंतोष १९४० मध्ये कुमराम भीमच्या उठावाने उघड झाला, तो गोळीबाराने शमविण्यात आला, आणि त्यानंतर सरकारला त्या लोकांविषयी जाणून घेण्याची बुद्धी झाली. म्हणजे येथेही भय पुढे आणि जिज्ञासा मागे. फ्युरर-हायमेनडॉर्फ हा ऑस्ट्रियन मानववंशशास्त्रज्ञ त्या कामावर नेमला गेला, आणि १९४३ मध्ये मारलावाई या खेड्यात गोंड शिक्षकांसाठी प्रशिक्षण-केंद्र उघडले. तेथे थोडेफार लिहू-वाचू शकणारे गोंड तरुण निवडून त्यांना शिक्षक केले, आणि मुलांची पहिली पुस्तके गोंडी भाषेत पण नागरी लिपीत छापली, कारण त्या भागातील गोंडांचा मराठीशी जुना परिचय होता. या प्रयोगातील सर्वांत मोठी गोष्ट मला क्रमिक पुस्तकांची वाटत नाही. जो मनुष्य एरवी चपराशी किंवा वाटाड्या म्हणून साहेबाच्या मागे दुभाषेपणा करीत चालला असता त्यालाच येथे खुर्ची आणि पगार देऊन मास्तर म्हटले गेले, ही ती गोष्ट होय. त्याच राज्याच्या मुलकी सेवेतील आमचे सेतुमाधवराव पगडी हे गोंडी आणि कोलामी शिकून त्यांवर लिहू लागले, हेही याच सुमाराचे. उस्मानियाच्या विशाल प्रासादापेक्षा मारलावाईची ती झोपडीवजा शाळा शिक्षणाच्या इतिहासात वरच्या पायरीवर बसते, असे माझे स्पष्ट मत आहे. दुर्दैवाने हिंगोलीच्या वाट्याला प्रासादाची सावली आली, शाळा आली नाही.

१९४८ च्या सप्टेंबरात संस्थान खालसा झाले, १९५६ मध्ये मराठवाडा द्विभाषिक मुंबई राज्यात आला, आणि कचेरी व शाळा मराठी झाल्या. ज्या पिढीने त्यासाठी हाल सोसले तिचा आनंद समजण्याजोगा आहे. परंतु इतिहास लिहिणाराने त्या आनंदाच्या पलीकडचेही पाहिले पाहिजे. आयुष्यभर उर्दूतून गणित शिकविलेल्या मुदर्रिसाला आता मराठीतून अपूर्णांक शिकवावयाचे होते. पेन्शनपुऱ्यातील ज्या म्हाताऱ्याने आजवर कधी अर्जनवीसाची गरज जाणली नव्हती, त्याला सातबाऱ्यासाठी शेजारच्या पोराची मनधरणी करावी लागू लागली. उर्दू शाळा चालू राहिल्या, त्या आजही आहेत. पण सरकारी दवाखान्याच्या भिंतीवरची पाटी एका रात्रीत ज्यांना वाचता येईनाशी झाली त्यांची अवस्था, पन्नास वर्षे ती पाटी न वाचता आलेल्यांनी तरी ओळखावयास हवी होती. ती ओळखली गेल्याचे फारसे दिसत नाही.

आणि जी मराठी आली ती तरी कोणाची? नव्या शाळांसाठी शिक्षक वऱ्हाडातून आणि पश्चिम महाराष्ट्रातून आले, पुस्तके पुण्याची होती. ‘काहून’ म्हणणाऱ्या मुलाला ‘का’ म्हणावयास शिकविण्यात पहिली दोन वर्षे जात. हे सोसण्याजोगे होते. कठीण दशा झाली ती तांड्यावरच्या मुलाची. औंढा आणि सेनगाव तालुक्यांत बंजाऱ्यांचे तांडे पुष्कळ, त्यांच्या घरची भाषा गोरबोली, आणि तिचे नाते मराठीपेक्षा राजस्थानी बोलींशी अधिक. मास्तर मराठीत ‘पाणी पी’ म्हणाले तर मूल समजते. पण ‘खालील रिकाम्या जागा भरा’ हे वाक्य त्याच्या कानावर पडते तेव्हा त्याच्या लेखी ते जवळजवळ उर्दूच. कळमनुरीच्या बाजूचे आंध आदिवासी मराठी बोलतात, म्हणून त्यांच्याविषयी असा प्रश्नच उद्भवत नाही असे मानले गेले. चालीरीतीही भाषेइतक्याच आड येतात, हे ध्यानात घेतले गेले नाही.

आरोग्याच्या क्षेत्रात स्वातंत्र्यानंतरची एक मोहीम मात्र निराळी ठरली, ती नारूची. मराठवाड्यातील पायऱ्यांच्या बारवांत उतरून पाणी भरण्याची रीत, आणि नारू झालेला पाय त्याच पाण्यात बुडणे, यामुळे हा रोग येथे वर्षानुवर्षे ठाण मांडून होता. फोडातून डोकावणारा दोऱ्यासारखा कृमी काडीभोवती रोज थोडाथोडा, तुटू न देता, गुंडाळीत काढणे हे काम गावातली अनुभवी माणसे करीत. तुटला तर पाय सुजून मनुष्य महिनोन्‌महिने पडून राही, आणि तो नेमका पेरणीचा हंगाम असे. १९८० च्या दशकात सुरू झालेल्या राष्ट्रीय कार्यक्रमात यावर गोळी नव्हती, लस नव्हती. मुख्य उपाय होता तो बाईशी बोलणे, की घागरीच्या तोंडाला दुहेरी फडके बांधून पाणी गाळावे आणि पाय ठणकत असेल त्याने बारवेत उतरू नये. बोलण्याखेरीज दुसरे औषधच नसल्यामुळे या वेळी खात्याला बोलणे गंभीरपणे घ्यावे लागले. १९९६ नंतर देशात या रोगाचा रोगी आढळला नाही, आणि २००० मध्ये भारत नारूमुक्त म्हणून जाहीर झाला.

१९९९ च्या महाराष्ट्रदिनी हिंगोली परभणीपासून वेगळा होऊन स्वतंत्र जिल्हा झाला, आणि २००५ मध्ये राष्ट्रीय ग्रामीण आरोग्य अभियानाने ‘आशा’ हे पद निर्माण केले. गावातलीच सून, गावच्या बोलीत बोलणारी, गरोदर बाईला हाताला धरून प्राथमिक आरोग्य केंद्रात नेणारी, ही कल्पना उत्तम. मारलावाईच्या कल्पनेची ती धाकटी बहीण म्हणावी. फक्त एक फरक राहिला: मारलावाईच्या गोंडाला पगार होता, आशाचे पद कामागणिक मोबदल्याचे म्हणून निर्माण झाले. केस पेपरच्या खिडकीशी हा व्यवहार पाहावा. कारकून विचारतो, नवऱ्याचे नाव? तांड्यावरची बाई पदर ओढून गप्प. नवऱ्याचे नाव घ्यायचे तर उखाणा हवा, आणि सरकारी खिडकीपाशी उखाण्याला जागा नसते. मागच्या रांगेतील लोक कुरकुरू लागतात. आशाताई पुढे होऊन नाव सांगते, वय अदमासाने सांगते, किती महिने झाले ते सांगते, आणि मग आत जाऊन डॉक्टरांची मराठी गोरबोलीत आणि बाईची गोरबोली मराठीत करते. या भाषांतराचा मोबदला तिच्या दरपत्रकात नाही.

२०२३ मध्ये निवृत्त न्यायमूर्ती संदीप शिंदे यांच्या समितीने मराठवाड्यातील कुणबी नोंदींचा शोध आरंभिला तेव्हा निजामकालीन दप्तरे फडताळांतून बाहेर आली, आणि ती उर्दू व मोडी वाचणार कोण, अशी शोधाशोध सुरू झाली. ज्यांना पन्नास-साठ वर्षांपूर्वी आता उर्दूचा उपयोग काय असे विचारले जाई, अशा घरांतल्या वृद्धांकडे लोक कागद घेऊन जाऊ लागले. पुढच्याच वर्षी, २०२४ मध्ये, हिंगोलीस शासकीय वैद्यकीय महाविद्यालय सुरू झाले. वैद्यकीय अभ्यासक्रमाच्या २०१९ पासूनच्या नव्या रचनेत आरंभीच्या पायाभूत वर्गात स्थानिक भाषेचे शिक्षण अंतर्भूत केलेले आहे, आणि रोग्याची भाषा ही डॉक्टराने शिकावयाची गोष्ट आहे असे त्यात नियमाने म्हटले गेले आहे. परप्रांतीय विद्यार्थ्याला त्या तासांत मराठी शिकविली जाईल, यात शंका नाही. परंतु नाशिकहून किंवा मुंबईहून आलेल्या मराठी मुलाला स्थानिक भाषा म्हणून काय शिकवावे, सेनगावकडची ‘काहून’ आणि ‘अंगावरून जाते’, तांड्याची गोरबोली, की रिसाला बाजारातली दखनी, आणि शिकवावे तर ते शिकविणार कोण, आशाताई की वॉर्डातली जुनी परिचारिका, आणि तिला त्या तासाचे मानधन कोणत्या शीर्षाखाली द्यावे, हे प्रश्न आता हिंगोलीच्या दप्तरात पडलेले आहेत.